काव्यवाचन, कोकणातील

ओवी, अभंग, श्लोक किंवा आजची कविता मोठ्याने, शक्यतो चारचौघांत बसून वाचण्याची कोकण किनाऱ्यावरची रीत. श्रावणातली घरची पोथी, देवळातले पारायण, सप्ताहातला हरिपाठ हे तिचे जुने प्रकार. गावच्या ग्रंथालयात किंवा शाळेच्या पटांगणात होणारे कवितावाचन हा नवा. दोन्ही एकाच नोंदीत घेतले आहेत, कारण वाचणारी आणि ऐकणारी माणसे पुष्कळदा तीच असतात. या वाचनातून मनाला जे मिळते त्याला अध्यात्म हा जड शब्द इथे क्वचितच वापरतात. ‘पोथी लागली की घर भरल्यासारखं वाटतं’ असे म्हणतात, आणि बहुतेक सगळे त्यात येते.

भाताची लावणी उरकली की शेतकऱ्याच्या हातांना उसंत मिळते. पावसाला मिळत नाही. वाटा चिखलाच्या, अंधार लवकर पडलेला. याच दिवसांत पोथी ‘लावतात’. दिवेलागणीनंतर ओटीवर चौरंग मांडायचा, बासन सोडून पोथी त्यावर ठेवायची, एकाने वाचायचे आणि शेजाऱ्यापाजाऱ्यांनी ऐकायचे. अध्याय अर्धा सोडत नाहीत. कुणाच्या मरणाच्या प्रसंगावर त्या रात्रीची पोथी ठेवू नये अशी समजूत अनेक घरांत आहे. मग वाचणारा दोन-चार ओव्या पुढे जाऊन थांबतो. कृष्णजन्माला सुंठवडा, स्वयंवराला गूळखोबरे. शेवटच्या दिवशी समाप्ती आणि जेवण.

या ओटीवरचा सर्वांत लाडका कवी श्रीधर. हरिविजय (१७०२), रामविजय (१७०३), पांडवप्रताप (१७१२) आणि शिवलीलामृत (१७१८) हे त्याचे ग्रंथ. तो नाझऱ्याचा, म्हणजे देशावरचा. पण घाटाखाली त्याच्याइतका वाचला गेलेला कवी दुसरा नसावा. शिवलीलामृताची जुनी प्रत हाती घेतली तर अकरावा अध्याय शोधावा लागत नाही. त्या पानांच्या कडा तेलाच्या बोटांनी पिवळ्या झालेल्या असतात, कोपरे झिजून गोल झालेले असतात, आणि पोथी आपणहून तिथेच उघडते. ‘धन्य धन्य तेचि जन । जे शिवभजनी परायण’ ही त्या अध्यायाची सुरुवात पाठ असलेली आणि तरीही पोथी समोर घेऊनच वाचणारी माणसे गावोगाव आहेत. पाठ असताना पुस्तक कशाला, हे त्यांना विचारून पाहावे. बोट ओळीवरून फिरले नाही तर मन भटकते, असे उत्तर मिळते.

ओवीचा घाट या कामाला सोयीचा आहे. पहिले तीन चरण यमकाने बांधलेले, चौथा आखूड आणि मोकळा. त्या आखूड चरणावर वाचणारा दम घेतो, ऐकणारा मान हलवतो. तासभर असे चालले की सगळ्या ओटीचा श्वास एका लयीत येतो. मनाच्या श्लोकांचे तसे नाही. २०५ श्लोकांचे हे प्रकरण भुजंगप्रयात वृत्तात आहे आणि त्याची चाल पाय आपटत जाणारी. तिन्हीसांजेला पाढ्यांबरोबर मुले ते म्हणत ते याच ठेक्याच्या जोरावर.

ऐकणाऱ्यांना अर्धी पोथी कळत नाही, हा आक्षेप जुना आहे आणि खराही आहे. म्हणून वाचणाऱ्याजवळ अर्थ फोडून सांगणारा एक जण बसे. सिंधुदुर्गात तो मालवणीतच सांगतो, आणि तो थांबला की कोपऱ्यातून ‘मगे काय झाला?’ असे येतेच. पण सगळा अर्थ लागल्यावरच वाचनाचा गुण येतो, हे या रीतीला कधी मान्य नव्हते. आज कळलेली ओवी पुढच्या श्रावणात निराळी कळते. घरात दुःख झालेले असले तर आणखीच निराळी. प्रस्तुत लेखकाच्या मते कवितेच्या वाचनाचे मोल नेमके इथे आहे: बातमी एकदा वाचली की संपते, कविता दरवर्षी नव्याने लागू होते, आणि ती लागू व्हायला माणसाला तिच्यापाशी परत यावे लागते. परत येण्याची ही सवय आजच्या दिवसांत सर्वांत आधी मोडली.

शास्त्र्यांच्या नव्हे, पण कवींच्या कसोटीची चर्चाही याच पट्ट्यात झाली, असे म्हणायला जागा आहे. महाड तालुक्यातील शिवथरघळीत रामदासांनी दासबोध सांगितला आणि कल्याणस्वामींनी तो लिहून घेतला, अशी परंपरा आहे. पावसाळ्यात या घळीच्या तोंडाशी धबधबा कोसळतो. आत बोललेले ऐकू यायला आवाज चढवावा लागतो. दासबोधाच्या चौदाव्या दशकातील तिसरा समास कवित्वकलेवर आहे. तिथे कवित्वाचे धीट, पाठ आणि प्रासादिक असे तीन प्रकार सांगितले आहेत. मनाला येईल ते जुळवलेले ते धीट, पुष्कळ पाठांतरातून उतरलेले ते पाठ, आणि ज्याच्या अंतरात भगवंत ठसला आहे त्याच्या तोंडून सहज येते ते प्रासादिक. ही वाटणी कवींसाठी असली तरी वाचणाऱ्यालाही चालते. धीट वाचणारे तर दर संमेलनात भेटतात.

ओवीचे हे बळ ख्रिस्ती धर्मोपदेशकांनीही ओळखले. इंग्लंडहून गोव्यात आलेले जेझुइट फादर थॉमस स्टीफन्स यांचे सुमारे ११ हजार ओव्यांचे ख्रिस्तपुराण १६१६ मध्ये राचोल येथे छापले गेले. लिपी रोमन, भाषा मराठी. चर्चमध्ये ते वाचले जाई. ‘जैसी हरळांमाजि रत्नकिळा’ ही मराठीची थोरवी सांगणारी त्यातली ओवी आज शाळेच्या भिंतींवरही दिसते.

विसाव्या शतकात किनाऱ्यावरच्या दोन माणसांनी ज्ञानेश्वरांचे काव्य आजच्या वाचकाच्या जिभेवर आणण्याचा खटाटोप केला, आणि दोघे स्वभावाने अगदी दोन टोकांचे होते. रत्नागिरीजवळच्या पावसचे स्वामी स्वरूपानंद (१९०३–७४) यांनी ज्ञानेश्वरी अभंगात उतरवली. ज्यांना रोज अध्याय झेपत नाही अशांसाठी त्यांनी शंभराच्या आसपास निवडक ओव्यांचा नित्यपाठही काढून दिला. नोकरदाराची अडचण त्यांना चांगली कळली होती, असे हा पाठ हाती घेतल्यावर वाटते: दहा-पंधरा मिनिटांत तो होतो. दुसरे विंदा करंदीकर (१९१८–२०१०), देवगड तालुक्यातील धालवलीचे. बुद्धिवादी, प्रश्न विचारणारा कवी. तरी ज्ञानेश्वरांच्या अमृतानुभवाचे त्यांनी अर्वाचीन मराठीत रूपांतर केले. पूजेला न बसणाऱ्या माणसालाही या काव्यापाशी बसता येते, याचा याहून चांगला दाखला मिळणे कठीण. विंदा, वेंगुर्ल्याचे मंगेश पाडगावकर आणि वसंत बापट या तिघांनी मिळून गावोगाव केलेल्या जाहीर कवितावाचनांनी पुढे नव्या कवितेलाही पोथीसारखा ऐकणारा समाज मिळवून दिला.

त्याआधीचा दुवा केशवसुत (१८६६–१९०५). त्यांचे जन्मगाव मालगुंड, गणपतीपुळ्याला लागून. मुली झिम्मा खेळताना ‘जा पोरी जा’ असे भराभर म्हणतात, त्यातून झालेला ‘झपूर्झा’ हा शब्द त्यांनी १८९३ मधल्या कवितेला दिला. ‘हर्षखेद ते मावळले, हास्य निमाले, अश्रु पळाले’ अशी तिची सुरुवात. सुखदुःखापलीकडच्या अवस्थेला संस्कृत ग्रंथांत शब्दांची ददात नव्हती. केशवसुतांनी तो शब्द अंगणातल्या खेळातून उचलला. कोकणात गौरी-गणपतीच्या रात्री फुगडीला ठेका चढला आणि गाणाऱ्या बायकांना वेळेचे भान उरले नाही, की ही निवड किती अचूक होती ते दिसते. मालगुंडचे त्यांचे घर आता स्मारक आहे. १९९४ मध्ये कुसुमाग्रजांच्या हस्ते त्याचे उद्घाटन झाले. आवारात शिळांवर त्यांच्या कविता कोरल्या आहेत. गणपतीचे दर्शन आटोपून आलेले पर्यटक आधी फोटो काढतात; मग त्यांच्यातले कुणीतरी शाळेत पाठ केलेली ओळ पुटपुटते, आणि दुसरा ती पुरी करतो.

आरती प्रभू (चिं. त्र्यं. खानोलकर, १९३०–७६) वेंगुर्ल्याच्या बाजूचे, कुडाळात खानावळ चालवलेले. त्यांच्या संग्रहांची नावेच पाहावीत: जोगवा, दिवेलागण. एक देवीच्या नावाने मागितलेल्या भिक्षेचे, दुसरे पोथी सोडण्याच्या वेळेचे.

या रीतीचे गोडवे गाताना एक गोष्ट झाकून ठेवण्यात अर्थ नाही. पोथी सगळ्यांना ऐकता येई, वाचता येत नसे. अक्षर ठराविक घरांत होते. बाया माजघराच्या दाराआडून ऐकत, आणि कित्येकांना तर ओटीपर्यंतही येऊ देत नसत. बायकांची स्वतःची ओवी जात्यावर होती, ती कुणी लिहून घेतली नाही तर विरून जाई. साक्षरतेने आणि वारकरी भजनाने हे पुष्कळ बदलले. आज सप्ताहात हरिपाठ म्हणणाऱ्यांत बायका पुढे दिसतात. आंबडवे हे डॉ. आंबेडकरांचे मूळ गाव मंडणगड तालुक्यातले, आणि चवदार तळ्याचा सत्याग्रह (१९२७) महाडचा. तेव्हा बौद्ध वाड्यांतली रीत या नोंदीत यायलाच हवी. आषाढी पौर्णिमेपासून आश्विन पौर्णिमेपर्यंतच्या वर्षावासात तिथे ‘बुद्ध आणि त्यांचा धम्म’ या ग्रंथाचे वाचन लावतात. ग्रंथ गद्य आहे, पण सुरुवात पाली गाथांनी होते आणि शेवटी गाणी. पाऊस तोच, दिवे लावून जमण्याची वेळही तीच.

आज पोथीला अडचण आहे ती वाचणाऱ्याची. श्रद्धा आटली म्हणून पोथ्या बंद पडल्या, हे निदान घाईचे वाटते. घरे बंद पडली, म्हणून ओट्या बंद पडल्या. वाचता येणारे मुंबई-ठाण्याला. गावात म्हातारी माणसे, त्यांना बारीक अक्षर दिसत नाही. १९९८ मध्ये कोकण रेल्वे पूर्ण मार्गावर धावू लागली तेव्हापासून चाकरमानी येतो सोयीने, पण गणपतीपुरताच, आणि श्रावण त्याच्या आधीच सरलेला असतो. काही घरांनी पोथीच भाद्रपदात आणली. काहींनी पाच दिवसांत बसेल एवढी लहान केली.

अलीकडे वेंगुर्ल्याकडच्या एका घरात वेगळाच तोडगा पाहण्यात आला. मुलगा डोंबिवलीत. संध्याकाळी कामावरून आल्यावर तो तिथून व्हिडिओ कॉलवर अध्याय वाचतो. गावी चौरंगावर पोथी उघडी असते, तिला टेकून मोबाइल उभा. आई आणि दोन शेजारणी समोर. जोराचा पाऊस आला की रेंज जाते, आवाज चरणाच्या मधेच तुटतो. आई तो चरण पाठ असलेला पुरा करते, पुढची ओवीही सुरू करते. रेंज आली की पलीकडून तो विचारतो, ‘खंय पावलात?’