चुलीपासून अंगणापर्यंत: मणिपुरी गोष्टींचा मागचा इतिहास

मणिपूर म्हटलं की २०२३ पासून आपल्याला फक्त हिंसाचाराच्या बातम्या आठवतात, याचं फार वाईट वाटतं, कारण गोष्ट सांगण्यात एवढी मुरलेली माणसं क्वचित सापडतील.

मणिपूरच्या मैतेई लोकांच्या भाषेत 'वारी' म्हणजे गोष्ट (आपल्या पंढरीच्या वारीशी संबंध नाही, उच्चार तेवढा सारखा) आणि 'फुंगा' म्हणजे चूल. संध्याकाळी चुलीपाशी म्हातारी माणसं पोरांना सांगायची ती फुंगा वारी. त्यातली पेबेतची गोष्ट बघा. पेबेत हा इवलासा पक्षी, घरट्यात पिल्लं आणि खाली मांजर. मांजर विचारतं मी कशी दिसते, आई घाबरून म्हणते खूप सुंदर, असं रोज चालतं, आणि पिल्लांना उडता यायला लागल्यावर आई सरळ तोंडावर सांगते की तू कुरूप आहेस!

आता याच्यामागचा इतिहास. अठराव्या शतकात राजा पामहैबा म्हणजे गरीबनवाज वैष्णव झाला, जुन्या 'पुया' पोथ्या जाळल्या गेल्या. पुढे महाभारत-पुराणातल्या कथा मैतेईत रंगवून सांगणारी 'वारी लिबा' ही कला बहरली, एकच माणूस बसून सगळी पात्रं नुसत्या आवाजावर उभी करतो. पण जुन्या गोष्टी काही मेल्या नाहीत, मोइरांगच्या खांबा-थोइबीची प्रेमकथा 'पेना' या एकतारी वाद्यावर गायली जातच राहिली आणि विसाव्या शतकात हिजम अंगाङहल यांनी तिचं हजारो ओळींचं महाकाव्य केलं. आणि १९७५ मध्ये हैस्नाम कन्हायलाल यांनी पेबेत रंगमंचावर आणली तेव्हा त्यातलं मांजर पिल्लांना पकडून आपल्यासारखं बनवतं, आईवरच उलटवतं. चुलीपाशी ऐकलेली गोष्ट अशी परत आली की बाहेरून लादलेल्या संस्कृतीबद्दलच बोलायला लागली, मला हे जबरदस्त वाटतं.

खोंगजोम पर्व हा गाऊन गोष्ट सांगायचा प्रकार तर लढाईतूनच जन्माला आला. एप्रिल १८९१ मध्ये इंग्रजांशी खोंगजोमला लढाई झाली, मणिपुरी सेनानी पाओना ब्रजबासी तिथेच पडले. ती हकिकत लैनौ नावाच्या धोब्याने गायला सुरुवात केली, आधी रिकामा पत्र्याचा डबा वाजवून म्हणे, ढोलक नंतर आला. आता बायकाही गातात.

आणि मग शुमांग लीला हे नाटक, शुमांग म्हणजे अंगण. जेमतेम १३ फूट बाय १३ फूट जागा, एक टेबल, दोन खुर्च्या, चारही बाजूंनी माणसं आणि नटांना यायला-जायला एक वाट सोडलेली. २००० मध्ये एका बंडखोर संघटनेने हिंदी सिनेमांवर बंदी घातली, त्यानंतर इथले लोकल डिजिटल सिनेमे वाढले, पण अंगण रिकामं पडलं नाही. पुरुषांच्या मंडळीत बाईची भूमिका करणाऱ्या नटाला 'नुपी शाबी' म्हणतात, आणि हिरॉइन म्हणून लोक त्याच्यावर जीव टाकतात.