दीक्षान्त उपदेश

पदवी देताना स्नातकांना उद्देशून होणाऱ्या भाषणातील नीती व नागरिक-कर्तव्यविषयक भाग. त्याचा भारतीय उगम सहसा तैत्तिरीय उपनिषदाच्या शिक्षावल्ली या भागातील अकराव्या अनुवाकात (परिच्छेदात) दाखवितात. ‘सत्यं वद, धर्मं चर’ ही त्यातील वचने सर्वपरिचित आहेत. मात्र ‘यान्यस्माकं सुचरितानि तानि त्वयोपास्यानि, नो इतराणि’ हे वाक्य अधिक मोलाचे आहे. आमचे जे चांगले आचरण असेल तेच घे, बाकीचे नको, असे गुरू स्वतःविषयी सांगतो. आणि कर्तव्याविषयी शंका आली तर विचारी, मृदू व धर्मनिष्ठ माणसे तेथे कशी वागतात ते पाहा, असे पुढे सुचवितो. म्हणजे निरोप घेणाऱ्या शिष्याला येथे आज्ञाधारकपणा नव्हे, विवेक सोपविलेला आहे.

मुंबई विद्यापीठ 1857 मध्ये स्थापन झाले आणि महादेव गोविंद रानडे व रामकृष्ण गोपाळ भांडारकर हे 1862 च्या पहिल्या पदवीधरांत होते. ब्रिटिश काळातील भारतीय विद्यापीठांत पदवी देताना, आपल्या वागणुकीने तिला पात्र राहा, अशी ताकीदही देण्यात येई.

खानदेशात पदवीचे शिक्षण उशिरा आले. अमळनेरचे प्रताप महाविद्यालय व जळगावचे मूळजी जेठा महाविद्यालय 1945 च्या सुमारास सुरू झाले. त्यापूर्वी कर्तव्याची शिकवण येथे व्यासपीठाबाहेरच अधिक मिळत होती. साने गुरुजींनी 1924 ते 1930 या काळात अमळनेरच्या शाळेत शिकविले, वसतिगृहातील मुलांसाठी ते हस्तलिखित दैनिक काढीत, आणि 1930 मध्ये नोकरी सोडून सत्याग्रहात उतरले. विनोबांनी 1932 मध्ये धुळ्याच्या तुरुंगात गीतेवर दिलेली प्रवचने साने गुरुजींनीच लिहून घेतली. ही दीक्षान्त भाषणे नव्हती. परंतु नीती आणि देशकार्य यांची फारकत न करण्याचा धडा खानदेशाला अशा प्रसंगांतून मिळाला. काँग्रेसचे खेड्यात भरलेले पहिले अधिवेशनही 1936 मध्ये खानदेशातील फैजपूरलाच झाले.

येथील महाविद्यालये 1949 नंतर पुणे विद्यापीठाकडे गेली आणि 1990 मध्ये जळगावला उत्तर महाराष्ट्र विद्यापीठ स्थापन झाले. जेथे घरातील पहिलाच पदवीधर शेतकऱ्याचा मुलगा किंवा मुलगी असते, तेथे दीक्षान्त भाषणातील गावाच्या ऋणाचा उल्लेख उपचारापुरता उरत नाही. विद्यापीठाला 2018 मध्ये बहिणाबाई चौधरी यांचे नाव देण्यात आले. त्यामुळे आज खानदेशातील पदवीपत्रावर असोद्याच्या, लिहिता-वाचता न येणाऱ्या एका शेतकरी स्त्रीचे नाव असते.