मोजणी आणि सव्वा मूठ

श्रावणात नागपंचमीनंतरच्या पहिल्या रविवारी खानदेशात कानबाई ही देवी बसते. रोटासाठी, म्हणजे तिच्या प्रसादाच्या जाड पोळ्यांसाठी, गहू आधी मोजून ठेवतात. आमच्याकडे भाऊबंदांतल्या प्रत्येक पुरुषाच्या नावानं सव्वा मूठ, पाळण्यातल्या पोराचीसुद्धा. सुरतेला कामाला गेलेल्या भावाची मूठ पडते. पहाटेपासून राबणाऱ्या सुनेची पडत नाही. लहानपणी हा मला निव्वळ देवीचा नेम वाटे. माणसांच्या समाजांचा अभ्यास करणारं मानवशास्त्र इथंच अडून बसतं: आपलं माणूस कोण, हे ठरतं कशावरून?

हा प्रश्न खानदेशात उशिरा आला. आधी आली ती सरकारी मोजणी. 1818 मध्ये मुलूख हाती आल्यावर इंग्रजांना भिल्लांची माहिती हवी होती, पण बंदोबस्तासाठी. 1825 मध्ये जेम्स आउट्रम या इंग्रज लष्करी अधिकाऱ्यानं भिल्लांबरोबर शिकारी केल्या, त्यांच्यात मिसळला आणि त्यांचीच पलटण उभी केली. मानवशास्त्रात लोकांत राहून पाहणी करणं म्हणतात ते यानं केलंच की! हेतू तेवढा निराळा. 1871 च्या गुन्हेगार जमाती कायद्यानं तर जमातीच्या जमाती जन्मानं गुन्हेगार ठरवल्या. तो रद्द व्हायला 1952 उजाडलं. 1880 मध्ये खानदेशचं गॅझेटियर, म्हणजे जिल्ह्याच्या माहितीचा सरकारी ग्रंथ, निघालं. त्यातलं जातीजमातींचं वर्णन आजही उपयोगी पडतं, फक्त ते कुणासाठी लिहिलं हे विसरायचं नाही. 1907 मध्ये भाषातज्ज्ञ ग्रिअर्सनच्या भाषा-पाहणीत आमची अहिराणी बोली भिल्ली भाषांच्या खंडात गेली. अहिराणी मराठीची की स्वतंत्र, हा वाद पारावर अजून रंगतो.

मानवशास्त्रज्ञ इरावती कर्वे यांच्यापासून वारं बदललं. बर्लिनला त्यांना कवट्या मोजायचं काम होतं. युरोपीय वंश श्रेष्ठ, हे मार्गदर्शक ऑयगेन फिशर यांचं म्हणणं त्यांच्या मोजमापांतून निघेना, आणि त्यांनी तसंच लिहिलं. 1939 पासून पुण्याच्या डेक्कन कॉलेजात राहून त्यांनी देशभरची नाती तपासली. 1953 मध्ये त्यावरचा ग्रंथ आला. लग्नाला मामाची मुलगी चालते, आत्याची का नाही, असल्या घरगुती गोष्टींतून त्यांनी महाराष्ट्र उत्तर आणि दक्षिण यांच्या मधोमध कसा बसतो ते दाखवलं.

आमच्या काकांची चूल वेगळी झाली, शेतावरून बोलणंही तुटलं. त्या श्रावणात गहू मोजताना आजीनं कुणाला न विचारता त्यांच्याकडच्या तिघांच्या मुठी घातल्या.