विमान कंपनीची आर्थिक बांधिलकी : इंधन आणि नवी विमाने

पुढच्या काळात लागणारे इंधन आणि ताफ्यात येणारी नवी विमाने यांसाठी विमान कंपनीने आधीच केलेले करार व त्यांतून अंगावर येणारी देणी म्हणजे तिची आर्थिक बांधिलकी. कर्ज ताळेबंदात दिसते, ही देणी बहुतांशी दिसत नाहीत. मागणी नोंदवलेल्या विमानाची उरलेली किंमत ताबा मिळेपर्यंत ताळेबंदाबाहेर राहते आणि वार्षिक अहवालाच्या शेवटी, हिशोबाच्या टिपांमध्ये ‘भांडवली बांधिलकी’ म्हणून नोंदवली जाते. कंपनीची प्रकृती पाहायची असेल, तर नफ्यातोट्याच्या आकड्याइतकेच हे पान महत्त्वाचे आहे.

विमान मागवल्यापासून ते हाती येईपर्यंत अनेक वर्षे जातात. सही करताना थोडा इसार, नंतर ताब्याची तारीख जवळ येईल तसे आगाऊ हप्ते आणि उरलेला मोठा हिस्सा ताबा घेताना, अशी साधारण रीत असते. युरोपातील विमान उत्पादक एअरबसने २०१८ मध्ये आपल्या ए३२० निओ विमानाची छापील किंमत ११ कोटी ६ लाख डॉलर जाहीर केली होती. मात्र छापील किमतीला क्वचितच कोणी विमान घेते. मोठ्या गिऱ्हाइकाला भरघोस सूट मिळते आणि ती गुप्त ठेवली जाते. शिवाय करारात महागाईनुसार किंमत वाढवण्याचे कलम असते, त्यामुळे टिपांमधला आकडा अंदाजच असतो. ‘ऑप्शन’ म्हणून राखून ठेवलेली विमाने त्यात धरत नाहीत. पक्की मागणी तेवढी धरतात. ताब्याच्या दिवशी लागणारा पैसा बँकेच्या कर्जातून उभा राहतो, किंवा विमान भाडेपट्टा कंपनीला विकून लगेच तिच्याकडूनच भाड्याने घेतले जाते. या भाडेपट्ट्यांची देणीही पूर्वी बरीचशी ताळेबंदाबाहेर असत; आंतरराष्ट्रीय वित्तीय अहवाल मानक १६ (आयएफआरएस १६) लागू झाल्यावर, म्हणजे २०१९ पासून, ती ताळेबंदात आली.

बांधिलकी झेपली नाही तर काय होते, हे जपानच्या स्कायमार्कच्या उदाहरणात स्पष्ट दिसते. देशांतर्गत मार्गांवर बोइंग ७३७ उडवणाऱ्या या छोट्या कंपनीने लांब पल्ल्याच्या उड्डाणांसाठी एअरबसची सहा अवाढव्य ए३८० विमाने मागवली. पुढे येन घसरला. विमानांची किंमत डॉलरमध्ये आणि तिकिटांची कमाई येनमध्ये, त्यामुळे हप्ते भरणे जड गेले. जुलै २०१४ मध्ये एअरबसने करार रद्द केला आणि मोठी भरपाई मागितली. तोवर पहिले विमान बांधून उडवूनही झाले होते. जानेवारी २०१५ मध्ये स्कायमार्कने दिवाळखोरी संरक्षणासाठी अर्ज केला. एकही ए३८० तिच्या ताफ्यात आले नाही.

इंधनाची बांधिलकी वेगळ्या प्रकारची. विमानतळावरील पुरवठ्याच्या करारांत बहुधा किती इंधन घ्यायचे तेवढेच ठरते, दर बाजारभावाने बदलतो. इंधन हा कंपनीच्या खर्चातला सर्वांत मोठ्या बाबींपैकी एक, बऱ्याचदा पाव हिस्सा किंवा त्याहून जास्त. तिकिटे मात्र आठवडे-महिने आधी विकलेली असतात. म्हणून कंपन्या वित्तबाजारात दर बांधून घेतात, यालाच हेजिंग म्हणतात. विमान इंधनाच्या वायद्यांचा, म्हणजे पुढच्या तारखेसाठी आजच भाव ठरवणाऱ्या सौद्यांचा, बाजार पुरेसा मोठा नसल्याने हे सौदे पुष्कळदा कच्च्या तेलावर केले जातात. दोन्हींचे भाव एकाच चालीने हलतील याची खात्री नसते, तेवढी जोखीम शिल्लक राहतेच.

अमेरिकेच्या साउथवेस्टने २००८ साठी सुमारे ७० टक्के इंधनाचा दर कच्च्या तेलाच्या ५१ डॉलर प्रतिपिंप भावाच्या आसपास बांधला होता. त्या जुलैत तेल १४७ डॉलरवर गेले आणि हा सौदा सोन्यासारखा ठरला. नंतर भाव कोसळले, पुढच्या वर्षांच्या सौद्यांचे मूल्य उतरले आणि तिसऱ्या तिमाहीत कंपनीने १७ वर्षांतला पहिला तिमाही तोटा दाखवला. त्या तोट्यात प्रत्यक्ष रोख गेलेली नव्हती. सौद्यांचे मूल्य कागदावर घटले होते, एवढेच. हाँगकाँगच्या कॅथे पॅसिफिकला मात्र २०१६ मध्ये अशाच सौद्यांवर आठ अब्ज हाँगकाँग डॉलरहून अधिक खरा फटका बसला. अमेरिकेच्या डेल्टा या विमान कंपनीने तर इंधन स्वतःच तयार करण्यासाठी २०१२ मध्ये पेनसिल्व्हेनियातील ट्रेनर येथला तेलशुद्धीकरण कारखानाच विकत घेतला.

दोन्ही बांधिलक्या एकमेकींत गुंतलेल्या असतात. नवे विमान जुन्यापेक्षा १५ ते २० टक्के कमी इंधन पिते, म्हणून तेल महागले की मागण्या वाढतात. पण विमाने हाती येईपर्यंत तेल स्वस्त झालेले असू शकते. मग जुनी, हप्ते फिटलेली विमानेच परवडतात आणि नव्यांचा ताबा पुढे ढकलण्याची बोलणी सुरू होतात. २०२० च्या वसंतात हे दोन्हीकडून एकदम घडले. कोविडच्या साथीमुळे उड्डाणे थांबली, बांधलेल्या दराचे इंधन जाळायला विमानेच उडत नव्हती. २० एप्रिलला अमेरिकी कच्च्या तेलाचा वायदा उणे ३७.६३ डॉलरवर बंद झाला, म्हणजे तेल घेणाऱ्यालाच वर पैसे देण्याची वेळ आली. ज्या इंधनासाठी दर बांधला ते लागणारच नाही, म्हटल्यावर ते सौदे हिशोबात ‘हेजिंग’ म्हणून टिकले नाहीत आणि त्यांचा तोटा अनेक कंपन्यांना थेट नफ्यातोट्याच्या पत्रकात घ्यावा लागला. त्याच महिन्यांत त्यांचे अधिकारी विमान उत्पादकांकडे ताब्याच्या तारखा पुढे सरकवण्यासाठी धावत होते.