सी-2 ची जोडी वेगवान आहे, मग प्रवेशिका परत का येते?

पुरुषांच्या दुहेरी स्प्रिंट कॅनोइंगमध्ये, म्हणजे सी-2 मध्ये, आंतरराष्ट्रीय स्पर्धेची प्रवेशिका नाकारली गेली की पहिला प्रश्न हमखास येतो: ‘आमची वेळ तर बसत होती, मग झालं काय?’ बहुतेक वेळा वेळेचा काही संबंध नसतो. दोघांपैकी एकाचा कागद कुठेतरी अडकलेला असतो, आणि होडी दोघांची असल्यामुळे ज्याची फाइल चोख आहे तोही त्याच्याबरोबर काठावर राहतो. म्हणून इथे नेहमीच्या पायऱ्या भरभर उरकल्या आहेत आणि जिथं घोडं पेंड खातं तिथं जास्त वेळ दिला आहे.

अर्ज तुम्ही करतच नाही

आंतरराष्ट्रीय कॅनो महासंघाच्या स्पर्धेत खेळाडूला किंवा क्लबला थेट नाव देता येत नाही. प्रवेशिका राष्ट्रीय महासंघच पाठवतो. विश्वचषक मालिकेत एका देशाला एका प्रकारात एकापेक्षा जास्त होड्या उतरवता येतात, जागतिक अजिंक्यपद स्पर्धेत एकच. देशातली दुसऱ्या क्रमांकाची जोडी कितीही चांगली असली तरी अजिंक्यपदला तिला जागा नसते. हा नियम चाचणीच्या दिवशी कळून उपयोग नाही. चाचणीआधीच महासंघाकडून निवडीचे निकष लेखी मागून घ्या: किती शर्यती, कोणती वेळ धरणार, बरोबरी झाली तर काय. ‘बघू, कळवू’ हे उत्तर स्वीकारू नका. पुढे दाद मागायची वेळ आली तर हाती असतो तो कागदच.

ऑलिम्पिकच्या बाबतीत आणखी एक गैरसमज मुळातूनच काढायला हवा. पात्रता फेरीत जिंकलेली जागा देशाच्या ऑलिम्पिक समितीची असते, ती जिंकणाऱ्या दोघांची नसते. पॅरिस 2024 मध्ये सी-2 ची शर्यत 1000 ऐवजी 500 मीटरची झाली आणि तिच्या जागांसाठी मुख्य स्पर्धा होती ऑगस्ट 2023 मधली ड्यूसबर्गची जागतिक अजिंक्यपद. तिथे ज्यांनी वल्हं मारलं त्यांचीच नावं पॅरिसच्या यादीत येतील अशी हमी कोणत्याही नियमात नव्हती. याची दुसरी बाजूही आहे. टोकियोच्या आधी ब्राझीलच्या एर्लोन सिल्व्हाला दुखापत झाली, तेव्हा इसाकियास केइरोझबरोबर जॅकी गॉडमन बसला आणि ही नवी जोडी चौथी आली. जागा व्यक्तींच्या नावावर असती तर ती होडी पाण्यात उतरलीच नसती.

मुदत एक नसते

इथं सर्वाधिक जोड्या अडकतात. अजिंक्यपद स्पर्धेला आधी संख्येची प्रवेशिका जाते: कोणत्या प्रकारात किती होड्या, एवढंच. नावांची प्रवेशिका त्यानंतर. बरेच जण दुसरीची तारीख डोक्यात ठेवून बसतात, पहिली निघून जाते, आणि मग नाव द्यायला रकानाच उरत नाही. दोन्ही तारखा त्या त्या वर्षीच्या स्पर्धा-पत्रकात असतात. मागच्या वर्षीचं पत्रक पाहून अंदाज बांधू नका. मुदत कोणत्या देशाच्या वेळेनुसार संपते हेही पाहा. तुमच्याकडे मध्यरात्र होईपर्यंत तिकडचं पोर्टल कधीच बंद झालेलं असू शकतं.

ऑलिम्पिकमध्ये हे अंतर आणखी फसवं असतं. पॅरिसला स्प्रिंटच्या शर्यती 6 ऑगस्टला सुरू झाल्या, पण अंतिम नावं देण्याची मुदत 8 जुलै 2024 होती. त्याच्याही कितीतरी आधी संभाव्य खेळाडूंची लांबलचक यादी ऑलिम्पिक समितीने आयोजकांना दिलेली असते. राखीव खेळाडूचं नाव त्या यादीत नसेल तर ऐनवेळी त्याला बसवणं म्हणजे वरातीमागून घोडं. अंतिम मुदतीनंतर खेळाडू बदलायला परवानगी लागते, ती तातडीच्या वैद्यकीय किंवा तशाच गंभीर कारणासाठी मिळते, आणि त्यासाठी डॉक्टरांचे कागद जोडावे लागतात. फॉर्म गेला म्हणून जोडी बदलली, असं चालत नाही. तेव्हा सी-2 च्या प्रत्येक जोडीमागे तिसऱ्या माणसाचे कागदही पूर्ण तयार हवेत. महासंघ हे काम टाळतात, कारण तिसऱ्याला बहुधा बोलावलंच जात नाही. तुम्ही मात्र त्याचा पाठपुरावा सोडू नका.

कुणाकडेच नसलेला कागद

जोडीदारांपैकी एकजण पूर्वी दुसऱ्या देशाकडून खेळलेला असेल तर नवा पासपोर्ट मिळाला म्हणजे काम झालं असं समजू नका. ऑलिम्पिक सनदेचा 41 वा नियम सांगतो की आधीच्या देशाचं प्रतिनिधित्व शेवटचं केल्यापासून किमान तीन वर्षं जायला हवीत. मोजणी सुरू होते त्या शेवटच्या शर्यतीपासून. नागरिकत्व मिळाल्याची तारीख वेगळी आणि ही वेगळी. हा काळ कमी करता येतो, पण त्यासाठी संबंधित ऑलिम्पिक समित्या आणि आंतरराष्ट्रीय महासंघ यांची संमती लागते, आणि निर्णय आंतरराष्ट्रीय ऑलिम्पिक समितीचं कार्यकारी मंडळ घेतं.

अडतं ते या संमतीपाशी. ज्या देशाला खेळाडू सोडून गेला तो देश ना हरकत पत्र द्यायला कशाला घाई करेल? पत्राला उत्तर येत नाही, आलं तर ‘विचाराधीन’ असं येतं, आणि तेवढ्यात मोसम संपतो. माणसाच्या उमेदीची वर्षं अशी टेबलावर पडून राहतात, आणि त्याची कुणाला खंत नसते, हे पाहून चीड येते. मोठं नावही इथं उपयोगी पडत नाही. टोकियोत सेर्गेई टोरेसबरोबर क्युबासाठी सी-2 1000 मीटरचं सुवर्ण जिंकणारा फर्नांडो दायान होर्हे 2022 मध्ये क्युबाचा संघ सोडून गेला. पॅरिसला तो उतरला तो निर्वासितांच्या ऑलिम्पिक संघातून, आणि सी-1 मध्ये, एकट्याने. तुमच्या जोडीत असा प्रश्न असेल तर अर्ज पहिल्याच दिवशी लेखी द्या, प्रत्येक पत्राची पोच ठेवा, आणि उत्तर येईपर्यंत दुसऱ्या जोडीदाराबरोबरही सराव चालू ठेवा.

वयाचं त्या मानाने सोपं आहे. कनिष्ठ गटाचं शेवटचं वर्ष म्हणजे ज्या कॅलेंडर वर्षात 18 पूर्ण होतात ते, 23 वर्षांखालील गटाचं 23 पूर्ण होतात ते. वाढदिवस जानेवारीत असो की डिसेंबरमध्ये, फरक पडत नाही.

गुडघा आणि इंजेक्शन

सी-2 चा खेळाडू एका गुडघ्यावर बसून वल्हवतो. वर्षानुवर्षं तोच गुडघा, तोच दाब. सांधा सुजला की डॉक्टर त्यात स्टेरॉइडचं, म्हणजे ग्लुकोकॉर्टिकॉइडचं इंजेक्शन देतात, आणि खेळाडूला वाटतं की हा तर साधा उपचार. 1 जानेवारी 2022 पासून ग्लुकोकॉर्टिकॉइडची इंजेक्शनं, कुठल्याही मार्गाने दिलेली, स्पर्धेच्या काळात निषिद्ध आहेत. सांध्यातलं इंजेक्शनही त्यात आलं. औषध शरीरात किती दिवस रेंगाळतं हे त्या त्या औषधावर ठरतं, त्यामुळे शर्यतीच्या आधीच्या आठवड्यात घेतलेलं इंजेक्शनही नमुन्यात सापडू शकतं.

यावर उपाय आहे तो उपचारासाठीच्या सवलतीचा अर्ज. तो स्पर्धेच्या किमान 30 दिवस आधी करायचा असतो. त्यात डॉक्टरांनी निदान, तपासण्यांचे अहवाल, औषधाचं नाव, मात्रा आणि दुसरा पर्याय का चालत नाही, हे सगळं लिहावं लागतं. ‘गुडघेदुखीसाठी इंजेक्शन दिले’ एवढ्या एका ओळीच्या चिठ्ठीवर अर्ज परत येतो. आणि सगळ्यात जास्त फसगत करणारी गोष्ट: राष्ट्रीय उत्तेजकविरोधी संस्थेने दिलेली सवलत आंतरराष्ट्रीय स्पर्धेत आपोआप चालत नाही. आंतरराष्ट्रीय महासंघाने ती मान्य केली आहे का, हे लेखी विचारून घ्या.

दम्याचा पंप वापरत असाल तर त्यातल्या सालब्युटामॉल या औषधाला मर्यादेत परवानगी आहे: 24 तासांत जास्तीत जास्त 1600 मायक्रोग्रॅम, आणि कोणत्याही 8 तासांत 600 पेक्षा जास्त नाही. निषिद्ध यादी दर 1 जानेवारीला बदलते, म्हणून जुनी छापील प्रत जपून ठेवू नका.

नाव नोंदणीकृत चाचणी गटात, म्हणजे ज्यांची उत्तेजक चाचणी न कळवता होऊ शकते अशा खेळाडूंच्या यादीत असेल, तर रोजचा ठावठिकाणा आणि चाचणीसाठी हजर राहण्याची 60 मिनिटांची ठरलेली वेळ द्यावी लागते. चुकीचा पत्ता किंवा चुकलेली चाचणी अशा तीन नोंदी 12 महिन्यांत झाल्या की तो नियमभंग ठरतो. सराव शिबिराची जागा बदलली की आधी ठावठिकाणा बदला, मग सामान बांधा. जोडीतला एक बाद झाला तर निकाल होडीचा जातो, हे दोघांनीही एकमेकांना सांगून ठेवावं.

पासपोर्ट, ओळखपत्र, होडी

प्रवेशिकेतलं नाव पासपोर्टवरच्या नावाशी अक्षर न् अक्षर जुळायला हवं. महासंघाच्या नोंदीत एक स्पेलिंग, पासपोर्टवर दुसरं, असं सर्रास असतं. ऑलिम्पिकचं ओळखपत्र पासपोर्टसोबत यजमान देशात प्रवेशासाठी चालतं, पण फक्त तिथेच. वाटेत तिसऱ्या देशात शिबिर असेल तर तिथला व्हिसा वेगळा काढावा लागतो. विश्वचषकाला अशी सोय गृहीत धरू नका. आयोजकांचं निमंत्रणपत्र वेळेत मागवा आणि त्यावर दोघांची पूर्ण नावं आहेत का ते पाहा.

सी-2 ची होडी साडेसहा मीटरपर्यंत लांब असते, त्यामुळे बरेच संघ स्पर्धेच्या ठिकाणी भाड्याने घेतात. तशी घेणार असाल तर नोंदणीची पोच सोबत ठेवा. स्वतःची नेणार असाल तर तात्पुरत्या आयातीसाठीचं एटीए कार्नेट लागू शकतं. ते बहुतेक देशांत वाणिज्य मंडळाकडून मिळतं. त्यातल्या यादीत लिहिलेला क्रमांक आणि होडीवर कोरलेला क्रमांक एकच हवा. एका आकड्याचा फरक असला तरी सीमाशुल्काचे अधिकारी होडी अडवतात, आणि तिथे अर्जविनंत्यांचा उपयोग होत नाही. होडीचं वजन किमान 20 किलो हवं. शर्यत संपल्यावरही ते तपासतात, तेव्हा भाड्याची होडी ताब्यात घेतानाच काट्यावर ठेवून बघा.

महासंघाने प्रवेशिका पाठवली की तिची पोच मागा. ‘पाठवली आहे’ हे फोनवरचं उत्तर पुरेसं नाही. पोचीवर दोन्ही नावं, जन्मतारखा, प्रकार आणि अंतर स्वतः वाचा, जोडीदारालाही वाचायला लावा, आणि चूक दिसली तर त्याच दिवशी ईमेलने कळवा.