सिनेमाच्या डिस्कवर आणि स्ट्रीमिंगवर, ४के तर दोन्हीकडे लिहिलेलंय, मग फरक कसला?

पणजीला इफ्फी महोत्सवात मोठ्या पडद्यावर सिनेमे बघून आलं की घरचा टीव्ही डोळ्यात खुपायला लागतो, त्यात रात्रीच्या सीनला आभाळात पट्टे पट्टे दिसले की संपलंच, नवीन टीव्ही घ्यायची भाषा सुरू. टीव्ही बिचारा बहुतेक वेळा निर्दोष असतो हो.

४के म्हणजे फक्त ठिपके किती, ३८४० गुणिले २१६०, साधारण ८३ लाख. त्या ठिपक्यांत खरी माहिती किती उरलीय ते कळतं बिटरेटवरनं, म्हणजे सेकंदाला किती माहिती येते त्यावरनं. १० बिट रंग, सेकंदाला २४ फ्रेम, रंगाची माहिती आधीच कमी केलेली (४:२:०) असं धरलं तरी बाकी काही न कापता सेकंदाला जवळपास ३००० मेगाबिट होतात! अल्ट्रा एचडी ब्लू-रेवर, म्हणजे ४के सिनेमाच्या डिस्कवर, आवाज धरून जास्तीत जास्त १२८ बसतात आणि स्ट्रीमिंगवर १५-२० च्या आसपास, म्हणजे कापाकापी दोन्हीकडे आहे, स्ट्रीमिंगवर जरा निर्दयपणे.

कोडेक, म्हणजे चित्र दाबून लहान करणारी पद्धत, करतो काय, तर आधीच्या फ्रेमपेक्षा जेवढं बदललं तेवढंच लिहून ठेवतो आणि बिट कमी पडले की डोळ्याला पटकन कळणार नाही ते आधी उडवतो. काळोखातल्या हळूहळू बदलणाऱ्या छटा, धूर, धुकं यांचा नंबर पहिला, तिथेच पट्टे येतात. फिल्मचा ग्रेन (बारीक दाणे) दर फ्रेमला वेगळा, त्याचा अंदाज बांधता येत नाही, म्हणून तोही पुसला जातो आणि नट्यांचे चेहरे मेणाचे दिसतात.

आवाजाचं पण तसंच. डॉल्बीचा अ‍ॅटमॉस हा शिक्का फक्त कुठला आवाज कुठून यायचा एवढं सांगतो. डिस्कवर तो बहुतेकदा ट्रूएचडी या आवाजाच्या फॉरमॅटवर बसून येतो, हा फॉरमॅट झिप फाइलसारखा, उघडला की मूळ आवाज जसाच्या तसा. स्ट्रीमिंगवर डॉल्बी डिजिटल प्लस, त्यात आवाजाचीही कापाकापी, सेकंदाला ७६८ किलोबिट किंवा त्याहून कमी. आणि प्लेअर टीव्हीला जोडून तिथून साध्या एआरसीने (टीव्हीतला आवाज एचडीएमआय केबलमधून बाहेर देायची सोय) रिसीव्हरला, म्हणजे स्पीकर चालवणाऱ्या डब्याला, आवाज दिलात तर ट्रूएचडी पोचतच नाही, त्याची सुधारलेली आवृत्ती ईएआरसी पाहिजे, नाहीतर प्लेअर थेट रिसीव्हरला लावा.

पण खरं सांगू, फोंडा-डिचोलीकडच्या कौलारू घरात जुलैत पाऊस कोसळत असताना सिनेमातली कुजबुज तशीही ऐकू येत नाही, आवाज वाढवावा तर पुढच्या स्फोटाला शेजारी जागे. रिसीव्हरचा नाइट मोड त्याचसाठी असतो, बारीक आवाज वर आणि मोठे खाली. ऑडिओवाले नाकं मुरडतील, मुरडू देत, चवथ (गणेशचतुर्थी) होईपर्यंत तो चालू ठेवा आणि पाऊस गेला की आठवणीने बंद करा, नाहीतर ट्रूएचडीसाठी दिलेले पैसे फुकट.