मोंतेव्हिदेओ : शहर आणि फुटबॉल

मोंतेव्हिदेओ ही उरुग्वेची राजधानी, ला प्लाता नदीच्या मुखाशी वसलेली, आणि देशातली तिसऱ्या हिश्श्याहून जास्त माणसं याच एका शहरात राहतात. त्यामुळे उरुग्वेचा फुटबॉल म्हणून जगाला जे माहीत आहे ते बरंचसं या शहराचंच आहे. पेन्यारोल आणि नासिओनाल हे दोन बडे क्लब इथले, १९३० चा पहिला वर्ल्ड कप अख्खा याच शहरात झाला, आणि पहिल्या डिव्हिजनमधले बहुतेक क्लब आजही इथल्याच कुठल्या ना कुठल्या वस्तीचे आहेत.

सुरुवात : खेळ आणला ब्रिटिशांनी, म्हणजे रेल्वे, बँका, बंदर आणि इंग्रजी शाळा यांच्यामार्फत. १८८१ साली मोंतेव्हिदेओ क्रिकेट क्लब आणि रोइंग क्लब यांच्यात सामना झाला, तीच साधारणपणे पहिली नोंद धरतात, अर्थात त्या काळी फुटबॉल आणि रग्बी यांच्यातली रेघ तितकी पक्की नव्हती त्यामुळे 'पहिला' हा शब्द जपूनच वापरलेला बरा. फक्त फुटबॉलसाठी म्हणून निघालेला पहिला क्लब आल्बियन, १ जून १८९१, इंग्लिश हायस्कूलच्या पोरांनी काढलेला, पुढाकार एनरिके लिख्टेनबर्गर याचा. त्यानंतर चारच महिन्यांत, २८ सप्टेंबर १८९१ ला, सेंट्रल उरुग्वे रेल्वेच्या कर्मचाऱ्यांनी सेंट्रल उरुग्वे रेल्वे क्रिकेट क्लब काढला (स्पॅनिशमध्ये त्याच्या आद्याक्षरांवरून 'कुर्क' म्हणतात, खाली तेच वापरलंय). नावात क्रिकेट असलं तरी हळूहळू फुटबॉलच पुढे आला. रेल्वेचं वर्कशॉप शहराबाहेर पेन्यारोल नावाच्या गावाशी होतं, आणि ते नाव इटलीतल्या पिनेरोलोवरून आलं, कारण अठराव्या शतकात तिथला क्रोसा नावाचा एक माणूस इथे येऊन राहिला होता. १९०० साली लीग सुरू झाली तेव्हा चार टीम होत्या, आल्बियन, कुर्क, डॉइचर आणि उरुग्वे अ‍ॅथलेटिक, आणि पहिलं विजेतेपद कुर्कनं घेतलं.

नासिओनाल १४ मे १८९९ चा, दोन छोटे क्लब एकत्र येऊन झालेला, आणि यात मुख्यतः इथेच जन्मलेले विद्यार्थी होते. निळा-पांढरा-लाल रंग त्यांनी आर्तिगास या उरुग्वेच्या राष्ट्रवीराच्या झेंड्यावरून घेतला, म्हणजे आम्ही इथले, हे पहिल्या दिवसापासून सांगायचंच होतं. १३ सप्टेंबर १९०३ ला बुएनोस आयरेसला जाऊन उरुग्वेनं अर्जेंटिनाला ३-२ हरवलं, देशाचा हा पहिला विजय, आणि त्या दिवशी देशाच्या नावानं उतरलेली अकराच्या अकरा पोरं नासिओनालची होती. तिन्ही गोल सेस्पेदेस भावांचे. त्यातले कार्लोस आणि बोलिवार दोघेही दोनच वर्षांत देवीच्या साथीत गेले.

ज्येष्ठपणाचा वाद : याला तिथे 'देकानातो' म्हणतात आणि यावरून घराघरांत, टॅक्सीत, रेडिओवर पिढ्यानपिढ्या भांडणं चालू आहेत, म्हणून इथे जरा सविस्तर. प्रश्न एवढाच की आजचा पेन्यारोल क्लब आणि १८९१ चा कुर्क हे एकच आहेत का. एकच असतील तर पेन्यारोल जुना, नसतील तर नासिओनाल.

घडलं असं, की १९०० नंतर कुर्कच्या टीममध्ये इंग्रजी नावं कमी होत गेली आणि इथल्या, विशेषतः इटालियन घरांतल्या पोरांची नावं वाढली, बघायला येणारी गर्दीसुद्धा कामगारांची आणि इथल्या लोकांची झाली, आणि रेल्वे कंपनीला हे प्रकरण डोईजड वाटायला लागलं. १९१३ च्या डिसेंबरमध्ये फुटबॉलचा विभाग कंपनीच्या क्लबपासून वेगळा झाला आणि मार्च १९१४ मध्ये त्याचं नाव पेन्यारोल असं झालं. इथपर्यंत दोन्ही बाजूंना मान्य आहे. नासिओनालवाल्यांचं म्हणणं की जुना कुर्क त्यानंतरही कंपनीचा क्लब म्हणून काही काळ चालू राहिला, १९१५ च्या सुरुवातीला तो रीतसर बंद झाला आणि त्याचे कप ब्रिटिश हॉस्पिटलकडे गेले. मग जो क्लब १९१५ ला मेला तो १९१४ ला दुसऱ्या नावानं जिवंत कसा? पेन्यारोलवाले म्हणतात की खेळाडू तेच, काळा-पिवळा रंग तोच, प्रेक्षक तेच, लीगमधली जागा तीच, नव्यानं अर्ज करून खालून वर यावं लागलं नाही, आणि लोक तर या टीमला आधीपासूनच पेन्यारोल म्हणत होते, नाव बदललं ते फक्त कागदावर.

कायद्याच्या बाजूनं बघितलं तर दोन वेगळ्या संस्था म्हणण्याला आधार आहे, हे पेन्यारोलच्या बाजूच्या लिखाणात बऱ्याचदा घाईघाईत उरकलं जातं. पण क्लब म्हणजे कोण, नोंदणीचा कागद की मैदानात उतरणारी टीम आणि तिच्यामागं येणारी माणसं, यावर सगळं अवलंबून आहे, आणि खेळाच्या इतिहासात सहसा दुसऱ्या गोष्टीलाच वजन देतात. उरुग्वेचं फुटबॉल असोसिएशनसुद्धा कुर्कची पाच विजेतेपदं (१९००, १९०१, १९०५, १९०७, १९११) पेन्यारोलच्याच खात्यात मोजतं. तेव्हा सलगपणाचा पक्ष जास्त पटण्यासारखा वाटतो, शंभर टक्के नाही तरी. शिवाय वादाच्या मुळाशी तारीख नाहीच आहे, आहे ते हे की शहराचा खरा क्लब कोणता, परक्या कंपनीच्या कामगारांतून उगवलेला की इथल्या विद्यार्थ्यांनी ठरवून काढलेला. आणि एक गोष्ट दोघंही विसरतात, की पेन्यारोलची तारीख मान्य केली तरी आल्बियन चार महिन्यांनी मोठाच आहे.

खेळाची शैली बदलली त्याचं श्रेय बहुतेक जण जॉन हार्ली या स्कॉटिश खेळाडूला देतात, तो १९०९ साली कुर्ककडे आला आणि लांब लाथाडण्याऐवजी छोटे पास हे त्यानं रुजवलं असं म्हणतात. एका माणसाला एवढं श्रेय द्यावं का हा प्रश्न आहेच, पण १९२४ च्या ऑलिम्पिकला पॅरिसमध्ये जगानं जो उरुग्वे बघितला त्याची मुळं त्याच वर्षांत आहेत हे खरं.

शब्द : स्पॅनिश जगात फॅनला 'इंचा' म्हणतात आणि तो शब्द याच शहरातला अशी सर्वमान्य गोष्ट आहे. प्रुदेन्सिओ मिगेल रेयेस नावाचा एक चामडं शिवणारा कारागीर नासिओनालकडे बॉलमध्ये हवा भरायच्या कामाला होता, स्पॅनिशमध्ये 'इंचार' म्हणजे फुगवणं, आणि सामना चालू असताना तो कडेनं पळत इतका जोरात ओरडायचा की लोक म्हणायला लागले बघा तो फुगवणारा कसा ओरडतोय, आणि मग तसं ओरडणारा प्रत्येक जण इंचा झाला. काळ विसाव्या शतकाची पहिली काही वर्षं, याहून नेमकं सांगणं अवघड. अशा गोष्टी पुष्कळदा नंतर रचलेल्या असतात, पण इथे माणूस, धंदा आणि क्रियापद तिन्ही जुळतात त्यामुळे दुसरी व्युत्पत्ती शोधत बसायचं कारण दिसत नाही. पेन्यारोलवाल्यांना रेल्वेच्या कोळशावरून 'कार्बोनेरो' म्हणतात, नासिओनालवाल्यांना जुन्या शर्टाच्या खिशावरून 'बोल्सो'. 'गार्रा चार्रुआ' म्हणजे हरता हरता पेटून उठण्याची जिद्द, हे नाव ज्या चार्रुआ या इथल्या मूळ रहिवासी लोकांवरून आलं त्यांची कत्तल याच देशाच्या सरकारनं १८३१ मध्ये केली होती, हे ते नाव घेताना लक्षात ठेवलं पाहिजे.

मैदानं : नासिओनालचं पार्के सेंत्राल १९०० सालचं, एका ट्राम कंपनीनं बांधलेलं, कारण मैदान असलं की ट्रामला प्रवासी मिळतात. याच मैदानाच्या मधोमध ५ मार्च १९१८ च्या पहाटे आब्दोन पोर्ते मेलेला सापडला. तो नासिओनालचा मिडफिल्डर, टीममधली जागा जाणार हे कळल्यावर त्यानं रात्री तिथे जाऊन स्वतःवर गोळी झाडून घेतली. एका स्टँडला त्याचं नाव आहे आणि आजही लोक त्याचं पोस्टर घेऊन येतात.

१३ जुलै १९३० ला वर्ल्ड कपचे पहिले दोन सामने एकाच वेळी झाले, एक पार्के सेंत्रालला (अमेरिका ३, बेल्जियम ०) आणि दुसरा पेन्यारोलच्या पोसितोस मैदानावर (फ्रान्स ४, मेक्सिको १), आणि त्यात १९ व्या मिनिटाला लुसिएँ लोराँ यानं मारलेला गोल हा वर्ल्ड कपमधला पहिला. पोसितोसचं मैदान पुढे पाडलं, त्यावर रस्ते आणि बिल्डिंगी आल्या, आणि गोलपोस्ट नेमका कुठे होता हे एका आर्किटेक्टनं जुने नकाशे आणि फोटो जुळवून शोधून काढलं, आता तिथे फुटपाथवर खूण आहे.

वर्ल्ड कपसाठी बांधायला घेतलेलं सेंतेनारिओ स्टेडियम मात्र तेव्हा तयारच नव्हतं. हुआन आंतोनिओ स्कास्सो याचं डिझाइन, १९२९ मध्ये काम सुरू, जेमतेम वर्षभरात सगळं काँक्रीट, मध्ये पाऊस, आणि १८ जुलैला, म्हणजे पहिल्या राज्यघटनेला शंभर वर्षं झाली त्या दिवशी, ओल्या काँक्रीटवरच उद्घाटन. पेरूविरुद्ध १-० जिंकले, गोल एक्तोर कास्त्रोचा, ज्याचा एक हात लहानपणी अपघातात तुटला होता. स्टँडची नावं कोलोंब (पॅरिसजवळचं) आणि आम्स्टरडाम, १९२४ आणि १९२८ च्या ऑलिम्पिक गोल्डवरून, आणि वर शंभर मीटरचा टॉवर. ३० जुलैच्या फायनलला कुणाचा बॉल वापरायचा यावर एकमत होईना म्हणून पहिल्या हाफला अर्जेंटिनाचा आणि दुसऱ्या हाफला उरुग्वेचा वापरला, पहिल्या हाफनंतर अर्जेंटिना २-१ पुढे, शेवटी उरुग्वे ४-२. प्रेक्षक किती यावर आकडे जुळत नाहीत, ६८ हजारांच्या आसपास ते थेट ९३ हजार, छोटा आकडा जास्त विश्वासाचा वाटतो. १९८३ मध्ये फिफानं या स्टेडियमला जागतिक फुटबॉलचं ऐतिहासिक स्मारक म्हणून जाहीर केलं. पेन्यारोलनं २०१६ मध्ये स्वतःचं कांपेओन देल सिग्लो बांधलं, तेव्हापासून सेंतेनारिओ बरेचदा रिकामं असतं.

लोक : कृष्णवर्णीय खेळाडू इथे लवकर दिसतात. १९१६ च्या दक्षिण अमेरिकन स्पर्धेत पेन्यारोलचा इसाबेलिनो ग्रादिन आणि हुआन देलगादो खेळले, उरुग्वेनं चिलीला ४-० हरवलं, तर उरुग्वेनं आफ्रिकन खेळवले अशी तक्रार चिलीनं केली होती. होसे लेआंद्रो आंद्रादे १९२४ ला पॅरिसचा हिरो झाला आणि १९५७ ला मोंतेव्हिदेओत गरिबीत मेला. खेळाडूंनी १९४८ मध्ये हक्कांसाठी संप केला, पुढाऱ्यांत पेन्यारोलचा ओब्दुलिओ वारेला, तोच पुढे १९५० च्या वर्ल्ड कपला रिओच्या माराकाना स्टेडियममध्ये उरुग्वेचा कॅप्टन होता.

छोटे क्लब : १९३२ ला प्रोफेशनल लीग आली आणि त्यानंतर चव्वेचाळीस वर्षं पेन्यारोल आणि नासिओनाल सोडून तिसरं कुणी जिंकलंच नाही. १९७६ मध्ये देफेन्सोरनं ती साखळी तोडली, देशात लष्करी हुकूमशाही होती, आणि विजयी फेरी त्यांनी नेहमीच्या उलट दिशेनं मारली, ज्याचा अर्थ ज्याला कळायचा त्याला कळला. मग सेंत्राल एस्पान्योल १९८४, दानुबिओ १९८८, प्रोग्रेसो १९८९ (त्या काळात या क्लबचा कारभार बघणारे कॅन्सरचे डॉक्टर ताबारे वास्केस पुढे देशाचे अध्यक्ष झाले), बेया विस्ता १९९०, आणि अगदी अलीकडे लिव्हरपूल (इंग्लंडचा नव्हे, इथलाच) २०२३. सेर्रो आणि राम्पला हुनिओर्स हे दोघं खाडीपलीकडच्या एकाच टेकडीच्या अंगाखांद्यावरचे, त्यांच्यातली चुरस तिथल्या लोकांना पेन्यारोल-नासिओनालच्या मोठ्या क्लासिको सामन्यापेक्षा जवळची. याच वस्त्यांमध्ये सहा ते तेरा वर्षांच्या पोरांचे 'बेबी फुत्बोल' क्लब आहेत, छोटं मैदान, बाजूला आई-बाप थर्मास आणि माते (चहासारखं पेय) घेऊन उभे, कँटीन आणि धुणं पालकच बघतात. साल्तो या दुसऱ्या शहरातून लहानपणी इथे आलेला लुइस सुआरेस अशाच एका क्लबात, उर्रेतात, खेळून मग नासिओनालला गेला.